आक्षीचा गद्धेगाळ बघायला जाताना

मांडव्याची लाँच, पुढे अलिबागची बस आणि स्टँडवरून रेवदंड्याच्या रस्त्याला लागणारी रिक्षा. प्रवास एवढाच. आडवार धरावा, कारण शनिवार-रविवारी किनाऱ्यावर जाणाऱ्या गाड्यांची रांग अलिबागातच सुरू होते आणि दगड वाचण्याची सकाळची तिरपी उन्हं त्या रांगेतच वाया जातात. खाडीचा पूल ओलांडला की आक्षी.

या गावातला शिलालेख पाठ्यपुस्तकात नावानं भेटतो, पण तो ज्या दगडावर आहे त्या दगडाचं खरं नाव वर्गात कुणी घेत नाही. तो गद्धेगाळ आहे. वर चंद्र-सूर्य, मध्ये लेख आणि खाली गाढव व स्त्री यांचा संग, अशी या दगडांची ठरलेली मांडणी. चंद्र-सूर्य म्हणजे दान आचंद्रसूर्य टिकावं. मधला मजकूर म्हणजे कुणी, कुणाला, काय दिलं. आणि खालचं चित्र म्हणजे हे दान जो मोडेल त्याच्या आईला दिलेली शिवी. नावाची फोड दोन प्रकारे करतात. वीरगळ म्हणजे वीराचा स्मारकदगड, त्यातला ‘गळ’ हा कानडी ‘कल्लु’, म्हणजे दगड, तसाच इथलाही, असं एक मत. दुसरं मत, ‘गाळ’ म्हणजे सरळ शिवी.

आक्षीच्या लेखाची सुरुवात मात्र किती गोड आहे! ‘गीं सुष संतु’. पहिलं अक्षर गेलेलं, ते ‘ज’ धरलं की ‘जगीं सुख नांदो’. पुढे ‘पसीमसमुद्राधीपती’, कोकणचा चक्रवर्ती केसीदेवराय, त्याचा महाप्रधान भइर्जु सेणुई, आणि दान काय, तर महालक्ष्मीच्या बोडणासाठी शुक्रवारी नऊ कुवली धान्य. कुवली हे धान्याचं माप. बोडण आजही कोकणस्थांच्या घरात भरतात. सवाष्णी आणि कुमारिका बसवून दूध, दही, तूप, पुरणाचा नैवेद्य परातीत कालवतात. त्याच बोडणाची तरतूद इथं दगडावर कोरून ठेवलेली आहे. जगाला सुख चिंतून सुरू झालेला दगड शिवीवर संपतो, आणि दोन्ही गोष्टी मनापासूनच्या आहेत.

काळाचा वाद मोठा आहे. शक ९३४ असं वाचलं तर इ.स. १०१२ येतं आणि हा मराठीतल्या सर्वांत जुन्या लेखांपैकी एक ठरतो. शक ११३२ वाचणारेही आहेत, म्हणजे इ.स. १२१०. कोकणच्या शिलाहार राजघराण्यात केसीदेव दोन झाले, त्यामुळे राजाच्या नावावरून निकाल लागत नाही. सगळा भार झिजलेल्या आकड्यांवर येतो.

म्हणून वाचण्याची रीत महत्त्वाची. सूर्य डोक्यावर आला की अक्षरं सपाट होतात, तेव्हा सकाळी आठ-नऊच्या आत किंवा संध्याकाळी जावं. टॉर्च न्यायची ती दगडाला जवळजवळ टेकवून, पृष्ठभागाला समांतर धरायची. आधी डावीकडून, मग खालून, कारण आडवी रेघ एका बाजूच्या प्रकाशात दिसते आणि उभी दुसऱ्या. साधं पाणी मऊ कुंच्यानं फिरवलं तर आणखी एक गंमत होते. वरचा भाग आधी सुकतो, खोबणीतलं पाणी मागं राहतं आणि काही मिनिटं अक्षरं काळी उमटतात. तेवढ्यात फोटो काढायचा. ठसा घेणं हे जाणकाराचं, परवानगीनं करायचं काम. ओला कागद दगडावर बसवून ब्रशनं ठोकत खोबणीत शिरवायचा, वाळत आला की शाईचं पॅड हलकं फिरवायचं. दगड काळा येतो, अक्षरं पांढरी राहतात. खडू आणि तांदळाचं पीठ मात्र कधीही वापरू नये. खडूनं गिरवताना आपल्याला जे वाचायचं असतं तेच आपण गिरवतो. मग पुढचा माणूस दगडाऐवजी आपली खडूची रेघ वाचतो, आणि नऊचा एक व्हायला एवढं पुरतं.

याच जिल्ह्यात एका वाडीच्या तोंडाशी जे दिसलं, ते सांगितल्याशिवाय राहवत नाही. गद्धेगाळाला चंदेरी ऑइलपेंट. ताजा, हाताला चिकटणारा. गाढव काळं रंगवलेलं, बाईला लाल लुगडं आणि कपाळी कुंकू. मधला लेख रंगाच्या दोन हातांखाली पूर्ण बुजलेला, एका ओळीतल्या खोबणीत रंगाचा थेंब ओघळून गोठलेला. पुढ्यात नारळ आणि उदबत्ती. रंगवणाऱ्यानं भक्तीनंच रंगवलं, हे दिसत होतं, आणि त्यामुळे रागवायचं तरी कुणावर? पण नुकसान भयंकर आहे. शेंदराचा थर कधीतरी कवचासारखा गळून पडतो आणि आतली अक्षरं शाबूत निघू शकतात. ऑइलपेंट दगडाची रंध्रं बुजवतो. खारी ओल आत अडकते, मीठ साचून फुगतं आणि पापुद्रा अक्षरांसकट सुटतो. तो काढायला तारेचा ब्रश, पॉलिशपेपर किंवा ॲसिड लावलं तर उरलेलंही जातं. हात न लावता पुरातत्त्व खात्याला कळवणं, एवढंच आपल्या हातात.

दुसरी आफत गुप्तधनाची. चंद्र-सूर्य म्हणजे खजिन्याची खूण, असं कुणीतरी सांगतं आणि दगड उपटून खाली खणतात. तिथं मातीच निघते. दगड मुळात हद्दीवर किंवा देवळापाशी उभा केलेला असतो, त्यामुळे तो हलला की कुठल्या जमिनीबद्दल होता तेही गेलं. अश्लील म्हणून पालथा घातलेला दगड निदान वाचतो तरी.

शिवी चित्रात का, हे परळच्या शिलालेखानं स्वच्छ दाखवलं आहे. तो शक ११०८ चा, शिलाहार राजा अपरादित्याचा. मजकूर संस्कृतात, पण धमकीची वेळ आली तशी भाषा मराठी झाली. हे दानाचं शासन मोडणाऱ्याला ‘तेया श्रीवैद्यनाथ देवाची भाल सकुटुंबीआं पडे’, म्हणजे कुटुंबासकट त्याच्यावर देवाचा कोप होवो, आणि मागोमाग आई आणि गाढव. संस्कृत भटजीला कळेल, मराठी गावाला, आणि ज्याला अक्षरच येत नाही त्याच्यासाठी चित्र. गाढव निवडण्यामागेही अर्थ आहे. उजाड करायच्या जमिनीवर गाढवाचा नांगर फिरवत. आदिलशाही सरदारानं पुण्यात तो फिरवल्याची आणि जिजाऊंनी सोन्याच्या फाळानं तीच भूमी नांगरल्याची कथा घरोघरी ठाऊक आहे.

तिथून नागाव, सुपारीच्या वाड्यांतून. भीमेश्वराच्या देवळाजवळचा हंबीररावाचा लेख शक १२८९ चा, आणि त्यावर हिजरी सनही आहे, ७६९. एकाच दगडावर दोन कालगणना. पोचेपर्यंत ऊन पार वर आलं होतं आणि अक्षरं सपाट झाली होती. पाण्याची बाटली रिती केली, तेव्हा ‘हिजरत’मधला ‘ह’ तेवढा काळा उमटला आणि बघता बघता सुकून गेला.