भाड्याचा आकडा

सोसायटी रिडेव्हलपमेंटला गेली की मुंबईकराच्या तोंडी आधी कार्पेट एरिया. किती टक्के जादा? डेक, म्हणजे बाल्कनीसारखी जागा, धरून की सोडून? नवी इमारत होईपर्यंत बाहेर राहायला बिल्डरनं द्यायच्या भाड्याचा विषय सभेत शेवटच्या दहा मिनिटांत उरकतात. वास्तविक पुढची तीन वर्षं काढायची असतात ती त्याच आकड्यावर.

बिल्डर भाडं ठरवतो जुन्या घराच्या कार्पेटवर, फुटामागे अमुक रुपये. घरमालकाला त्या फुटांशी देणंघेणं नसतं. तो सांगतो वन बीएचकेचा भाव. म्हणजे वन रूम किचनवाल्याची तिथंच पंचाईत. त्यात पार्ल्यात, मुलुंडला एकाच रस्त्यावरच्या चार-पाच इमारती एकदम रिकाम्या होतात. मुलांची शाळा तीच, आजोबांचे डॉक्टर तेच, म्हणून सगळे त्याच चार गल्ल्या पालथ्या घालतात. भाडी चढतात, आणि चढवणारे आपणच! एजंट खूश.

सामान हलवणं हा वेगळाच ताप. लोखंडी कपाट बऱ्याच लिफ्टमध्ये मावत नाही. जिन्यानं चढवायचं तर हमाल मजल्यामागे पैसे सांगतात. जुना सागवानी पलंग एकदा उघडला की पुन्हा तसा घट्ट बसत नाही, कुरकुरतोच. हे एकदाच होईल असं धरून करारात टेम्पो आणि दलाली एकदाच लिहितात. 11 महिन्यांनी घरमालकानं 'मुलाचं लग्न आहे' म्हटलं की दुसरी दलाली खिशातून. 'दर नव्या घराच्या वेळी' एवढे शब्द घालून घ्यावेत. वार्षिक वाढही टक्क्यात लिहून घ्यावी, आणि पहिल्या वर्षाचे 12 चेक हातात पडल्याशिवाय किल्ली देऊ नये.

बिल्डरचा पैसा आटला की आधी भाडं थांबतं. बंद पडलेलं काम रस्त्यावरून दिसतं, न वटलेला चेक दिसत नाही. 4 जुलै 2019 च्या शासन निर्णयात प्रकल्पखर्चाच्या 20 टक्के बँक गॅरंटी सांगितली आहे ती अशा वेळेसाठी. पण बिल्डर घासाघीस करतो, आणि कमिटी 'माणूस चांगला आहे' म्हणून सोडून देते.

'इमारत पूर्ण होईपर्यंत भाडं' हे वाक्यही घातक. पूर्ण झाली हे ठरवणार कोण? 'ओसीसह (पालिकेच्या भोगवटा प्रमाणपत्रासह) ताबा मिळेपर्यंत आणि वर एक महिना' असं हवं. तो महिना पंखे, ग्रिल, किचन ट्रॉलीत जातो, आणि भाड्याच्या घरमालकालाही महिन्याची नोटीस द्यावीच लागते.