खुर्दा

दसऱ्याच्या आधीच्या रविवारी आमच्या घरी पुस्तकांना ऊन दाखवण्याचा कार्यक्रम असतो. पावसाळ्यात भिंतीला टेकून बसलेली पुस्तके फुगतात, त्यांच्या पुठ्ठ्यांवर बुरशीचे पांढुरके ठिपके येतात आणि पाने उलटताना एखादी कसर लगबगीने शिवणीत शिरताना दिसते. म्हणून ती सगळी गच्चीवर जुन्या सतरंजीवर मांडायची, कपाटाच्या फळ्यांवर कडुनिंबाचा वाळलेला पाला पसरायचा आणि ऊन उतरण्याच्या आत पुस्तके पुन्हा जागेवर लावायची. खंडेनवमीच्या पूजेसाठीही हा उद्योग सोयीचा पडतो. आमच्या घरात शस्त्र म्हणावे असे काहीच नाही. विळी, अडकित्ता आणि वडिलांचा जुना पाना यांना हळदकुंकू वाहून आम्ही भागवतो आणि त्यांच्या शेजारी दोन-चार पुस्तके ठेवतो. या वर्षी मदतीला भाची होती. ती सहावीत आहे आणि कोणतीही गोष्ट विषयवार लावल्याशिवाय तिला चैन पडत नाही. तिने ढीग करायला घेतले, त्यांत युद्धाच्या पुस्तकांचा ढीग सगळ्यांत उंच झाला, आणि तो पाहून ती म्हणाली, "मामा, तू तर कधी कुणाशी साधं भांडतसुद्धा नाहीस."

त्या ढिगाचे पुढे तिनेच दोन भाग केले. एका बाजूला चित्रांची, मोठ्या टाइपाची, पाऊणशे पानांत आटोपणारी पुस्तके, ती तिची. दुसऱ्या बाजूला नकाशे, तळटीपा आणि परिशिष्टे असलेली जाडजूड, ती माझी. तिच्या बाजूचे पानिपत आणि माझ्या बाजूचे पानिपत शेजारी ठेवले, तर एकाच लढाईची ती पुस्तके आहेत यावर विश्वास बसू नये. तिच्या पुस्तकात दत्ताजी शिंदे आहेत, विश्वासरावांना लागलेली गोळी आहे, भाऊसाहेबांचे हत्तीवरून उतरून घोड्यावर बसणे आहे. माझ्या बाजूच्या शेजवलकरांच्या 'पानिपत १७६१'मध्ये रसद आहे, रक्कम आहे, नद्यांचे उतार आहेत आणि कोणाचे कुठे चुकले याचा हिशेब आहे. एक गोष्ट मात्र दोन्हीकडे असते, ती म्हणजे सावकाराची चिठ्ठी.

१४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर काय झाले, हे नानासाहेब पेशव्यांना माळव्यात भेलशाच्या बाजूला असताना कळले, ते त्या चिठ्ठीमुळे, ही कथा मराठी घरात जन्मलेल्या प्रत्येकाने ऐकलेली असते. दोन मोत्ये गळाली, सत्तावीस मोहरा गेल्या आणि रुपये व खुर्दा किती गेला त्याची गणती नाही, अशा अर्थाचा तो सांकेतिक मजकूर. मोहरांचा आकडा सांगणाऱ्यागणिक थोडाफार बदलतो, पण मोत्ये दोनच राहतात आणि खुर्द्याची गणती कोणीच सांगत नाही. भाचीने ते पान मोठ्याने वाचले आणि विचारले, खुर्दा म्हणजे काय. मी सांगितले, सुटे पैसे, चिल्लर. मोत्ये म्हणजे विश्वासराव आणि भाऊ, हे तिच्या पुस्तकात कंस करून दिलेले होते. मोहरा म्हणजे सरदार, हेही होते. खुर्द्यापुढे कंस नव्हता. तिने बोट त्या शब्दावर तसेच ठेवून विचारले, "मग चिल्लर म्हणजे माणसंच ना?"

ती चिठ्ठी मी किती वेळा वाचली असेन याची मोजदाद नाही, आणि दर वेळी तिच्यातील चातुर्याचेच कौतुक केले. सावकाराला दोष देण्यात अर्थ नाही. तो पेढीच्या भाषेत लिहीत होता आणि त्या भाषेत खुर्दा मोजायला बसणे परवडत नाही. पण त्या खुर्द्यात कोण कोण होते, हे बखरींतून आणि पत्रांतून विखुरलेले सापडते. लढाऊ फौजेच्या मागे वाणी, भटारी, नालबंद, तंबू ठोकणारे, बैल हाकणारे आणि त्यांच्या बायका होत्या. मोठ्या फौजेच्या आसऱ्याने काशी-प्रयाग घडेल म्हणून निघालेले यात्रेकरूही होते. लष्करात त्यांना बुणगे म्हणत. रसद तुटल्यावर छावणीतील उपासमारीची पहिली झळ त्यांनाच लागली. मराठीने त्यांची आठवण कशी ठेवली, तर 'बाजारबुणगे' ही शिवी करून. भाषेने 'विश्वास पानिपतात गेला' हा वाक्प्रचार ठेवला, त्यात निदान एका मोत्याचे नाव तरी शिल्लक आहे.

लहान मुलांसाठी युद्धाचे पुस्तक लिहिणे अवघड असते हे मला मान्य आहे. मरण दाखवायचे, पण रात्री झोप लागली पाहिजे. पराभव सांगायचा, पण अभिमानाला धक्का लागता कामा नये. त्या दोरीवरून चालताना लेखक मोहरांना धरून राहतात. ज्यांनी खुर्द्याकडे पाहिले, त्यांनाही हिशेब थोडा हलवावा लागला. हिरोशिमाच्या सदाको सासाकीची गोष्ट तिच्या ढिगात होती. ६ ऑगस्ट १९४५ रोजी अणुबॉम्ब पडला तेव्हा सदाको दोन वर्षांची होती. पुढे रक्ताच्या कर्करोगाने रुग्णालयात पडून असताना, हजार घडवले की इच्छा पुरी होते या समजुतीने, ती कागदाचे करकोचे घडवीत राहिली आणि २५ ऑक्टोबर १९५५ रोजी, बाराव्या वर्षी, गेली. एलिनॉर कोअर यांच्या १९७७च्या प्रसिद्ध पुस्तकात तिचे ६४४ करकोचे होतात आणि उरलेले मैत्रिणी पुरे करतात. हिरोशिमाच्या संग्रहालयाचे सांगणे असे, की तिचे हजार पुरे झाले होते आणि त्यानंतरही ती घडी घालतच होती. पुस्तकातला अपुरा आकडा वाचकाला रडवतो, पण त्यात एक सोय आहे. हजार झाले असते तर कदाचित, असे म्हणायला जागा राहते. खऱ्या आकड्यात ती जागा नाही. मी हे भाचीला सांगितले तेव्हा तिने बराच वेळ काही न बोलता ते पुस्तक उन्हाच्या दिशेने फिरवून ठेवले. सांगितले नसते तरी चालले असते, असे मला नंतर वाटले. आता तितकेसे वाटत नाही.

माझ्या ढिगातील एक पुस्तक मात्र तिने आपल्या बाजूला ओढले, ते विष्णुभट गोडसे यांचे 'माझा प्रवास'. पेणजवळच्या वरसईचा हा कर्जबाजारी भिक्षुक, १८५७ साली बायजाबाई शिंदे उत्तरेत मोठा यज्ञ करणार आणि दक्षिणा भरपूर मिळणार असे कळल्यावर काकांना बरोबर घेऊन निघाला आणि नेमका बंडात सापडला. युद्धात त्याला काडीचा रस नव्हता. तो दक्षिणेसाठी गेला होता, आणि म्हणूनच लढणाऱ्यांना जे दिसत नाही ते त्याला दिसले. १८५८च्या वसंतात इंग्रजांनी झाशीला वेढा दिला तेव्हा तो शहरात होता. शहर पडल्यानंतरची लूट, जाळपोळ, घरात दडून राहणे, पाण्यावाचून होणारे हाल आणि राजवाड्यातील ग्रंथसंग्रहाची झालेली धूळधाण, हे सारे त्याने पदरचे फारसे काही न घालता लिहिले. पुढे वाटेत एका विहिरीवर त्याला तहानलेली राणी भेटते. तो पाणी शेंदून द्यायला पुढे होतो, तर ती त्याला थांबवते, स्वतः पाणी ओढते आणि ओंजळीने पिते. सावकाराच्या हिशेबातले मोती आणि खुर्दा एका विहिरीच्या काठावर आले आहेत असे चित्र मला दुसऱ्या कोणत्याही पुस्तकात आढळलेले नाही. मिळवलेले बरेचसे धन वाटेत लुटले गेले आणि गोडसेभटजी घरी आले ते गंगेची कावड घेऊन. हकिगत त्यांनी बऱ्याच वर्षांनी, चिंतामणराव वैद्य यांच्या आग्रहावरून लिहिली. वैद्यांनी तिच्यावर पुष्कळ हात फिरवून ती १९०७ साली छापली, आणि मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदारांनी ती आणखी पुढे छापली. भटजी स्वतः छापील पुस्तक पाहायला राहिले नाहीत.

कोणीतरी लिहायला सांगावे लागते, हेच खरे. मार्च १९४४मध्ये लंडनहून बोलणाऱ्या डच सरकारच्या शिक्षणमंत्र्याने आकाशवाणीवर सांगितले, की युद्ध संपल्यावर साध्या माणसांच्या रोजनिश्या आणि पत्रे गोळा करायला हवीत. ते ॲमस्टरडॅममध्ये लपलेल्या अ‍ॅन फ्रँकने ऐकले आणि आपली डायरी नव्याने लिहायला घेतली. आपल्याकडच्या शिपायांची पत्रेही राहिली, पण ती वेगळ्याच कारणाने. पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये लढणाऱ्या हिंदी सैनिकांची पत्रे तपासण्यासाठी सरकारने सेन्सॉर नेमला होता, आणि संशय म्हणून त्याने जे उतारे इंग्रजीत उतरवून घेतले, ते आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहेत. डेव्हिड ओमिसी यांनी १९९९ साली त्यांतील निवडक पत्रांचे पुस्तक केले. एक शिपाई घरी कळवतो, की काळी मिरी संपत आली आहे, आता तांबडी वापरतात, पण अधूनमधून काळीचाच उपयोग होतो. काळी मिरी म्हणजे आपले लोक आणि तांबडी म्हणजे गोरे. पानिपतानंतर दीडशे वर्षांनी पुन्हा तोच व्यवहार, फक्त पेढी जाऊन वाण्याचे दुकान आले आणि या वेळी हिशेब खुर्द्यानेच लिहिला.

बसरा हे नाव मराठी घरात दागिन्यांच्या डब्यातून शिरलेले आहे. आईची नथ बसरा मोत्यांची आहे, आजीची तीच, आणि ती खरी आहेत की नाहीत यावर आमच्याकडे लग्नकार्यात हमखास चर्चा होते. त्याच बसऱ्याच्या वाटेने १९१४ साली सहावी पुणे डिव्हिजन मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकात, शिरली. तिच्यात मराठ्यांच्या १०३ आणि ११० या पलटणी होत्या. कूत येथे त्या १४७ दिवस वेढ्यात अडकल्या, घोडे आणि खेचरे खाण्याची पाळी आली, आणि २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार माणसे तुर्कांच्या हाती गेली. त्यांतली पुष्कळ पुढच्या तांड्यांत आणि छावण्यांत मेली. ज्यांची थडगी सापडली नाहीत त्यांच्यासाठी बसऱ्याला मोठे स्मारक उभारले. त्यावर गोऱ्या शिपायांची नावे कोरली, हिंदी अधिकाऱ्यांची कोरली, आणि हिंदी शिपायांचा मात्र पलटणवार नुसता आकडा दिला. अशी स्मारके सांभाळणाऱ्या कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्ह्ज कमिशनने या भेदभावाची कबुली देऊन माफी मागितली ती २०२१ साली. आकडा तरी दिला, असे म्हणून सावकारापेक्षा त्यांना थोडे अधिक गुण द्यावेत की कमी, हे मला ठरवता आलेले नाही.

सातारा जिल्ह्यातील अपशिंगे गावची ४६ माणसे त्या महायुद्धात कामी आली, आणि आज ते गाव 'अपशिंगे मिलिटरी' म्हणूनच ओळखले जाते. आजूबाजूच्या कित्येक गावांत चावडीच्या किंवा शाळेच्या भिंतीत संगमरवरी पाटी असते. या गावातून इतकी माणसे १९१४ ते १९१९ च्या महायुद्धावर गेली, पैकी इतक्यांनी प्राण दिले, एवढाच तिच्यावरचा इंग्रजी मजकूर. नावे नसतात. आमच्या आजोळीही ती आहे. दर वर्षी यात्रेआधी चावडीला रंग देणाऱ्याने पाटीवरही हात मारल्यामुळे कोरीव अक्षरे बुजत गेली आहेत आणि नेमका आकडाच वाचता येत नाही. त्या पाटीवर, त्या माणसांवर, मुलांसाठी किंवा मोठ्यांसाठी लिहिलेले एकही मराठी पुस्तक माझ्या उंच ढिगात नव्हते, हे भाचीच्या प्रश्नाने मला त्या रविवारी प्रथम जाणवले.

पुस्तके आत नेताना मी आईला विचारले, की चावडीवरच्या पाटीतले कोणी तुझ्या माहितीतले होते का. तिने नावे आठवायचा प्रयत्न केला; एकही आठवले नाही. मग म्हणाली, की वरच्या आळीत एक पडके घर होते, त्याला सगळे 'बसऱ्याचं घर' म्हणत. तिथला कोणीतरी लढाईवर गेला तो आलाच नाही, हे तिला मोठेपणी समजले. "लहानपणी आम्ही पोरी त्या घराकडं मान वर करून बघायचो," ती म्हणाली, "आम्हाला वाटायचं, त्यांच्याकडं मोती आहेत."