समेला चांगला पाय

धर्मपुरीला माउलींची पालखी सोलापूर जिल्ह्यात आली आणि मी दिंडीला मिळाले. नातेपुते, माळशिरस हे मुक्काम नीट आठवतही नाहीत. आठवतो तो टँकरपुढचा चिखल, आणि आमच्या तंबूत रात्री उशिरापर्यंत मोबाइलवर मोठ्यानं बोलणारी एक बाई. तिचा मला भयंकर राग यायचा. सकाळी तीच ‘माउली’ म्हणत माझ्या पाया पडायची, मीही वाकायचे. राग जायचा नाही.

वारीत घड्याळ लागत नाही. काकडा म्हणजे पहाट, वासुदेव म्हणजे उजाडलं, हरिपाठ म्हणजे दिवस कलला. वारांचेही अभंग ठरलेले. वेळ आपल्याला सोडून जात नाही, आपण तिला गात गात पुढे नेतो, असं वाटू लागतं. आणि मला हे वाटणं नवीन नव्हतं, कारण माझ्या कादंबरीतला पंडित नेमकं हेच करतो.

तो एका कल्पित नगरात, घटिकापात्रं सांभाळणाऱ्या घरात जन्मलेला. बुडाला भोक असलेलं तांब्याचं पात्र पाण्यात सोडायचं. ते बुडालं की एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटं झाली. लहानपणी तो त्या पात्रापुढे गुणगुणत बसतो आणि पात्र बुडतच नाही. पुढे तो शास्त्र मांडतो. संध्याकाळी भैरव लावला की उजाडतं, भरदुपारी मालकंस घेतला की रात्र पडते. वेढा पडलेल्या किल्ल्यातून निसटायला रात्र लांबवून हवी म्हणून राजे त्याला बोलावू लागतात. पण वाढवलेल्या प्रत्येक प्रहरामागे त्याच्या आयुष्यातला एक प्रहर जातो. म्हातारपणी बायको शेवटच्या घटका मोजत असते तेव्हा तो षड्ज, म्हणजे सा, लावतो आणि तो क्षण धरून ठेवतो. सूर सोडला तर ती जाणार. श्वास संपत आलेला.

आई गेली तेव्हापासून माझं लिखाण तिथंच अडलं होतं. वारी तिची होती, तुळशीची माळही तिचीच.

खुडूसच्या रिंगणात अश्व धावले, मी लांबूनच हात जोडले. उजव्या तळव्याला आलेला फोड फुटायला झाला होता. एका आजींनी तेलात बुडवलेला दोरा सुईनं त्यातून ओवला, पाणी निथळायला दोरा तसाच ठेवला, आणि नावगाव न विचारता पुढे गेल्या. वेळापूर अजून लांब. ऊन असं की डांबराचा वास नाकात बसलेला. शेजारून जाणारी पोरं व्हिडिओ काढत होती, स्वागताच्या कमानीवरचा भोंगा एकच गाणं आळवत होता. विठ्ठलाचं नाव तोंडात येईना. दिंडी पुढे निघून गेली.

आमचे मृदंगीबुवा मात्र मागे राहिले. त्यांची पाळी संपली होती, पखवाज दुसऱ्याकडे होता. पिशवीत ओल्या फडक्यात कणकेचा गोळा. पखवाजाच्या डाव्या, धुमाच्या तोंडाला लावायची कणीक उन्हानं वाळू नये म्हणून ते सारखं बोट लावून बघत. माझं लंगडणं थोडा वेळ पाहून म्हणाले, “माउली, आठ मात्रा मोजा. समेला चांगला पाय, खालीला दुखरा. खालीवर जोर नसतोय.”

आणि ते मांडीवर भजनी ठेका धरून चालू लागले. सम म्हणजे पहिली मात्रा, एकला डावा पाय. खाली म्हणजे पाचवी, पाचला उजवा, नुसता टेकवायचा. पहिली काही आवर्तनं मी ओठ चावत काढली, मग पाऊल आपोआप पडू लागलं. मी हळू झाले की लय उतरायची, चढ सरला की कणभर वाढायची. बोलायला दम आला तेव्हा मी त्यांना पंडिताचं सगळं आयुष्य सांगितलं. त्यांनी ठेका न मोडता ऐकलं आणि विचारलं, “त्येच्या संगं टाळकरी कोन हाय?”

“कोणी नाही. एकटाच गातो.”

“एकट्यानं कसा धरंल? आपली वीणा बगा, खाली ठिवत न्हाईत. एक दमला की दुसऱ्याच्या गळ्यात.”

वेळापूरच्या समाजआरतीला, सगळ्या दिंड्यांच्या एकत्र आरतीला, चोपदारांनी दंड उंचावला आणि हजारो टाळ एकदम थांबले. एका दिंडीचा टाळ तेवढा वाजत राहिला, त्यांचं काही गाऱ्हाणं होतं. चोपदार तिकडे गेले, ऐकून घेतलं, मग तोही थांबला. मी आईसाठी तेव्हा रडले.

माउली आणि सोपानकाकांच्या पालख्यांची बंधुभेट गर्दीत दिसलीच नाही. भंडीशेगावला पाऊस. वाखरीच्या तंबूत, त्या बाईचा फोन चालू असताना, मी लिहायला बसले. पंडिताच्या शिष्येनं षड्ज उचलला. पंडितानं श्वास घेतला आणि मोकळ्या झालेल्या तोंडानं बायकोशी बोलला.

सकाळी बुवांना वाचून दाखवलं.

“मग ती गेली?”

“गेली. बोलून झाल्यावर.”

“शिष्येनं सूर सोडला?”

“पंडितानंच हात वर केला.”

बुवांनी धुमाला कणीक थापली, अंगठ्यानं कडा बसवल्या, थाप मारून पाहिली. “झ्याक. आता त्या किल्ल्यातल्या रात्रीचं सांगा, पंढरपूर येस्तोवर.”