सासूबाईंचं फिटनेस सर्टिफिकेट आणि जुन्नरची सहल: माझा अनुभव

सहल होऊन तीन आठवडे झाले तरी कोणी जुन्नर म्हटलं की मला शिवनेरी नंतर आठवतो, आधी तो फॉर्म आठवतो. म्हणून एकदाचं लिहून टाकते, म्हणजे डोक्यातून जाईल.

आधी थोडं घरचं. माझ्या सासूबाई ७१ वर्षांच्या, प्राथमिक शाळेतून रिटायर झालेल्या. चौथीच्या पोरांना शिवाजी महाराज शिकवण्यात अख्खी नोकरी सरली पण शिवनेरी मात्र कधी बघितला नाही, कारण शाळेची सहल दरवेळी सिंहगड नाहीतर देहू-आळंदी. आमचे हे "आपण गाडी काढून जाऊ की" असं गेली अकरा वर्षं म्हणतायत. यावेळी मीच ठरवलं की यांच्या भरवशावर राहायचं नाही, आणि एका ग्रुपची रविवारची एक दिवसाची सहल बघितली. लेण्याद्री, शिवनेरी, नाणेघाट, सोबत माहिती सांगायला इतिहासाचे जाणकार, मिनी बस, नाश्ता-जेवण धरून माणशी १६५० रुपये. ग्रुपचं नाव लिहीत नाही, माणसं वाईट नव्हती, फक्त फॉर्म वाईट होता.

तर फॉर्म. नाव, वय, ब्लड ग्रुप, इमर्जन्सी नंबर, व्हेज की नॉनव्हेज, सगळं भरलं, दोघींचे ३३०० यूपीआयने गेले, आणि पैसे गेल्यावर पुढचं पान उघडलं! त्यावर लाल अक्षरात की ६० वर्षांवरील सदस्यांनी डॉक्टरांचं फिटनेस सर्टिफिकेट ४८ तासांत अपलोड करावं, नाहीतर सीट रद्द आणि रिफंड नाही. अहो मग हे पैसे घ्यायच्या आधी सांगा ना. मी लगेच फोन लावला, तर तो कोणी उचलत नाही, थोड्या वेळाने व्हॉइस नोट येते, मागे गाण्यांचा आवाज, "मॅम कंपल्सरी आहे मॅम, सगळ्यांसाठीच आहे." सगळ्यांसाठी कुठे, साठीच्या पुढच्यांसाठी.

आमचे फॅमिली डॉक्टर संध्याकाळी सहाला बसतात. नंबर लावायला कंपाउंडरकाकांकडे पाचला जावं लागतं, तरी आमचा नंबर २३. त्यात मधेच औषध कंपन्यांचे एमआर लोक बॅगा घेऊन आत शिरतात आणि वीस मिनिटं बाहेर येत नाहीत. सासूबाई आजारी नसताना दवाखान्यात बसायच्या कल्पनेनेच चिडलेल्या. शेजारच्या बाई विचारतायत काय होतंय तुम्हाला, तर या म्हणतात, "काही होत नाहीये, तेच लिहून घ्यायला आलेय."

पावणेआठला आत गेलो. डॉक्टरांनी बीपी बघितलं, छातीला नळी लावली आणि लेटरहेडवर इंग्रजीत एका ओळीत लिहून दिलं की या प्रवासाला फिट आहेत. मी खूश. घरी येऊन फोटो काढून पाठवला, रात्री अकराला उत्तर, "मॅम, प्रवासाला फिट नाही चालणार, मॉडरेट ट्रेकसाठी फिट असं स्पेसिफिक पाहिजे." आता लेण्याद्रीला ट्रेक म्हणायचं का? अष्टविनायक यात्रेला येणाऱ्या आज्या नऊवारी नेसून चढतात तिथे, त्यांच्याकडे कुठलं सर्टिफिकेट असतं? पण वाद घालायचा कोणाशी, व्हॉइस नोटशी?

दुसऱ्या दिवशी परत पाचला नंबर, यावेळी १७. डॉक्टर म्हणाले, "ट्रेकला फिट असं मी कसं लिहू, मी तो डोंगर बघितलाय का? ईसीजी काढून आणा मग बघू." खालच्या लॅबमध्ये ईसीजीचे ३५० रुपये, परत वर. ईसीजी नॉर्मल. तरी डॉक्टर पेन हातात घेऊन थांबलेले. विचारलं, पायऱ्या किती आहेत. मी म्हटलं लेण्याद्रीला तीनशेच्या आसपास असतील. तर सासूबाई खुर्चीत पुढे सरकून म्हणाल्या, "डॉक्टर, पर्वतीच्या एकशे तीन. दर गुरुवारी मी पर्वती चढते, मधे कुठे थांबत नाही. लेण्याद्री म्हणजे तीन पर्वत्या झाल्या. तेवढं लिहा." डॉक्टर हसायला लागले आणि लिहूनच दिलं, मॉडरेट ट्रेकसाठी फिट, सही, शिक्का, तारीख.

संपलं असं वाटलं ना? शिक्क्यातला रजिस्ट्रेशन नंबर पुसट उठला होता. रात्री परत व्हॉइस नोट, "मॅम नंबर क्लिअर नाहीये." तिसऱ्या दिवशी मी ऑफिसला जाताना सकाळच्या ओपीडीत घुसले आणि कंपाउंडरकाकांच्या हातापाया पडून शिक्का परत मारून घेतला. त्यांनी स्टॅम्पपॅडवर शाई ओतली, शिक्का दाबून धरला, फुंकर मारली, आणि म्हणाले, "घ्या, आता शंभर वर्षं जात नाही." मग अपलोड करायला गेले तर फाइल मोठी आहे. मर्यादा ५०० केबी आणि माझ्या फोनचा एक फोटोच साडेचार एमबीचा! व्हॉट्सअॅपवर स्वतःलाच पाठवून डाउनलोड केला, लहान झाला, तर म्हणे पीडीएफच पाहिजे. पीडीएफ केली तर परत ६१० केबी. शेवटी ऑफिसखालच्या झेरॉक्सवाल्या मुलाने दहा रुपयांत ब्लॅक अँड व्हाइट स्कॅन करून १८० केबीची पीडीएफ हातात दिली. दीड मिनिट लागलं त्याला. ४८ तासांतला तेव्हा एक तास दहा मिनिटं शिल्लक होती. हिरवी टिक आली तेव्हा मी झेरॉक्सच्या दुकानात मोठ्याने "हुश्श" म्हटलं, रांगेतल्या लोकांनी बघितलं.

म्हणून कोणी ज्येष्ठांना घेऊन जाणार असेल तर आधी विचारा सर्टिफिकेट लागतं का, कुठल्या शब्दांत लागतं, आणि पैसे त्यानंतर भरा. शिक्का समोर उभं राहून बघा. आणि स्कॅन सरळ झेरॉक्सवाल्याकडेच करा, हुशारी करू नका.

रविवारी पावणेसहाला स्वारगेट. मी प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ओरिजिनल सर्टिफिकेट, दोन झेरॉक्स, ईसीजी, आधार कार्ड असं सगळं घेऊन उभी. बस आली, बावीस-तेवीस वर्षांचा मुलगा उतरला, नावं टिक केली, मी फोल्डर पुढे केलं तर म्हणाला, "काकू बसा बसा, तिसरी रांग." बघितलंच नाही! उघडलंसुद्धा नाही! सासूबाई माझ्याकडे बघून काही बोलल्या नाहीत, आणि ते न बोलणं मला जास्त लागलं.

चाकणचं ट्रॅफिक पहाटे लागत नाही, येताना लागतं, ते पुढे सांगते. नारायणगावच्या अलीकडे मिसळ खाल्ली आणि साडेनऊला लेण्याद्रीच्या पायथ्याशी. इथे पुरातत्त्व खात्याचं तिकीट आहे, १५ वर्षांखालच्या मुलांना लागत नाही. पिशवीत खाऊ दिसेल असा ठेवू नका, माकडं आहेत आणि ती फार अभ्यासू आहेत, आमच्यातल्या एकीच्या पर्सची चेन उघडून बिस्किटचा पुडा नेला.

सासूबाई चढल्या. मधे एकदाच थांबल्या, तेही माझ्यासाठी. आमचे गाईड सर म्हणाले की लोक गिरिजात्मजाचं दर्शन घेऊन खाली पळतात, पण हे मंदिर म्हणजे मुळात बौद्ध भिक्षूंचा विहार, म्हणजे राहायची जागा आहे, सात नंबरचं लेणं. सभामंडप केवढा मोठा आणि मधे एकही खांब नाही, भिंतीत भिक्षूंच्या खोल्या. शेजारच्या सहा नंबरच्या चैत्यगृहात, म्हणजे भिक्षूंच्या प्रार्थनेच्या लेण्यात नेऊन त्यांनी ब्राह्मी लिपीतला लेख वाचून दाखवला, की हे कल्याणच्या हेरणिकाचा, म्हणजे सोनाराचा मुलगा सुलसदत्त याचं दान. कल्याणचा माणूस जुन्नरला दान का देतो, तर सर म्हणाले याचं उत्तर संध्याकाळी नाणेघाटात मिळेल. हे मला आवडलं, सकाळी प्रश्न टाकून ठेवला. जुन्नरच्या आसपासच्या डोंगरांत मिळून दोनशेच्या वर लेणी आहेत म्हणे, आणि एका लेखात तर चिट नावाच्या यवनाने भिक्षूसंघाला भोजनमंडप दिल्याचं आहे. यवन म्हणजे तेव्हाचे ग्रीक वगैरे पश्चिमेकडचे लोक. जुन्नरला!

मग शिवनेरी. सात दरवाजे ओलांडत वर जायचं, वाट बांधलेली आहे, घाई केली नाही तर त्रास नाही. परफ्यूम मारून जाऊ नका, आग्या मोहोळं असतात. (पाण्याची बाटली प्रत्येकाची वेगळी ठेवा, हे आधीच सांगायला हवं होतं.) शिवाई देवीच्या देवळापाशी सासूबाईंनी बांगड्या मागे सारून ओटी भरली, घरून आणली होती, मला पत्ताच नव्हता. तिथून वर जाताना आमच्यातला एक आयटीवाला मुलगा, जिमला जाणारा, पायरीवर घामाघूम होऊन बसलेला, त्याला यांनी लिमलेटची गोळी दिली आणि "सावकाश चढ रे बाळा" म्हणाल्या. फॉर्मवाल्यांनी हे बघायला हवं होतं.

जन्मस्थानाच्या इमारतीसमोर सरांनी विचारलं, महाराजांचा जन्म कधी झाला. मागून कोणीतरी १६२७ म्हणालं आणि दोघंतिघं हसले. सासूबाई वळल्या आणि शाळेतल्या आवाजात म्हणाल्या, "हसू नका, पूर्वी १६२७ सुद्धा मानायचे, पुष्कळ वर्षं वाद होता. मग सरकारने १९ फेब्रुवारी १६३० मान्य केली. फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१." सर म्हणाले, "बाई, तुम्हीच सांगा पुढचं." सांगितलं त्यांनी, खालच्या खोलीतल्या पाळण्यासमोर उभं राहून, सात-आठ मिनिटं. आवाज एकदाच जड झाला. मी फोल्डर बसमध्ये ठेवून आले होते म्हणून हात मोकळे होते, व्हिडिओ काढला.

जेवण जुन्नरला, ठीक होतं, पिठलं खारट. नाणेघाटाला साडेचार वाजले. जुन्नरहून तीसेक किलोमीटर आहे पण रस्ता वळणाचा, उलटी होणाऱ्यांनी पुढे बसा. तिथे पठार संपतं आणि एकदम खाली कोकण. घाटातल्या गुहेत दोन्ही बाजूंच्या भिंतींवर सातवाहनांच्या नागणिका राणीचा ब्राह्मी लेख आहे, सुमारे दोन हजार वर्षांचा. यज्ञांत दान दिलेल्या गायी, घोडे, हत्ती, कार्षापणं म्हणजे तेव्हाची नाणी, सगळं आकड्यांसकट लिहिलंय. मागच्या भिंतीवर राजघराण्यातल्यांच्या मूर्ती होत्या, आता वर नावं आणि खाली पायांच्या खुणा एवढंच उरलंय. कल्याण-सोपाऱ्याच्या बंदरातला माल हाच घाट चढून जुन्नरला यायचा. सकाळच्या प्रश्नाचं उत्तर असं मिळालं, सुलसदत्त याच वाटेने आला असणार.

घाटाच्या वरच्या तोंडाशी तो प्रसिद्ध दगडी रांजण आहे. जकातीचे पैसे यात टाकायचे असं सांगतात. सासूबाईंनी रांजणात वाकून बघितलं आणि म्हणाल्या, "बघ, पैसे टाकले की माणूस पुढे. वय कोणी विचारत नव्हतं."

परतताना चाकणला दीड तास. रविवारी रात्री पुण्यात येणाऱ्या सगळ्या गाड्या तिथेच भेटतात, त्यामुळे घरी नऊला पोचू असं कोणाला सांगून ठेवू नका. आम्ही पावणेअकराला पोचलो. मी सोमवारी रजा टाकली. सासूबाई सकाळी सहाला उठून चहा करत होत्या.

परवा त्याच ग्रुपचा मेसेज आला, पुढच्या महिन्यात भाजे-कार्ले, जुन्या सदस्यांना सवलत. मी सासूबाईंना वाचून दाखवला. खाली बारीक अक्षरात होतं की फिटनेस सर्टिफिकेट तीस दिवसांच्या आतलं हवं. त्या भाजी निवडत होत्या, मान वर न करता म्हणाल्या, "जाऊया. आधी विचार त्यांना, किती केबी."