घोड्यावरचे दरोडेखोर

रविवार, रात्री

‘ओ कांगासेइरो’ (1953) हा ब्राझीलचा चित्रपट सुरू होतो तो क्षितिजावरच्या घोडेस्वारांच्या काळ्या रांगेने, सोबत ‘मुल्येर रेंदेइरा’ हे गाणं. चित्र असं मनात बसतं की त्यातली चूक ध्यानातच येत नाही. चूक घोड्यांची. ईशान्य ब्राझीलच्या कोरड्या सेर्तावमधले कांगासेइरो, म्हणजे तिथले टोळीवाले दरोडेखोर, बहुतेक पायीच हिंडत. कातिंगाच्या काटेरी झुडपांत घोडा धड शिरत नाही, त्याला पाणी लागतं, आणि टापांचा माग पुसणं अवघड. मागावर पोलिसांच्या ‘व्होलांते’ तुकड्या असायच्याच.

खात्री करायची तर बेंजामिन अब्राहांवने 1936 मध्ये खुद्द लांपियांवच्या, म्हणजे सगळ्यात गाजलेल्या कांगासेइरोच्या, टोळीचं केलेलं चित्रण बघावं. सरकारने ते जप्त केलं होतं, त्यातला थोडाच भाग उरला. त्यात टोळी नाचते, प्रार्थना करते. दोनच वर्षांनी, 1938 मध्ये, लांपियांव आंजिकोत मारला गेला.

मग घोडे आले कुठून? हॉलिवूडच्या वेस्टर्नमधून, दुसरं काय! हा चित्रपट काढणारा वेरा क्रूझ स्टुडिओ 1949 चा, साओ पावलोजवळचा, हॉलिवूडच्या धर्तीवर उभारलेला. दिग्दर्शक लिमा बारेतोने चित्रीकरणही साओ पावलो राज्यातच, वार्जेम ग्रांदे दो सुलला केलं. सेर्ताव तिथून शेकडो कोस दूर. चित्रपट पुन्हा बघताना नटांच्या मागची झाडी बघावी, दुष्काळी मुलखाच्या मानाने ती फारच भरलेली आहे.

कपडे मात्र अस्सल. पुढची कड वर वळवलेली चामड्याची टोपी, तिच्यावरचे तारे, छातीवर फुली मारलेले काडतुसांचे पट्टे. चामडं हा मुळात तिथल्या गुराख्यांचा पोशाख, काट्यांपासून अंग वाचवणारा. कलाबाजू चित्रकार कारिबेकडे होती, संवाद ईशान्येतल्याच सेआराच्या लेखिका राशेल दे केइरोझचे. थोडक्यात, पोशाख आणि बोली ईशान्येची, जमीन आणि घोडे उसने.

कान चित्रपट महोत्सवात ‘ओ कांगासेइरो’ला सर्वोत्कृष्ट साहसपटाचं पारितोषिक मिळालं, संगीताचाही खास उल्लेख झाला. जगभर खेळ झाले, पण वितरण कोलंबिया या हॉलिवूडच्या कंपनीकडे होतं, त्यामुळे नफाही तिकडेच गेला. 1954 मध्ये वेरा क्रूझ कोलमडला.

दिग्दर्शक ग्लाउबेर रोशाने 1964 मध्ये हीच माणसं परत पडद्यावर आणली, ती मात्र ईशान्येत, बाहियातल्या मोंते सांतोच्या डोळे दिपवणाऱ्या उन्हात. त्याचा कांगासेइरो कोरिस्को उघड्या माळावर स्वतःभोवती गरगर फिरतो, ओरडतो, हातात शस्त्र. घोडा नाही.