खिमा, बटाट्याशिवाय

शनिवार

उद्या रविवार, म्हणजे खिमा ठरलेला. या वेळी कॉटेज पायच्या वळणाचा: खाली दाट खिमा, वर पांढरा मऊ थर, ओव्हनमध्ये वरून तांबूस होईपर्यंत भाजलेला. मूळ विलायती जेवणात खाली गोमांसाचा खिमा आणि वर बटाट्याचा लगदा. कर्नाटकात २०२० च्या कायद्यानं गोवंशाची कत्तल बंद आहे, तेरा वर्षांवरच्या म्हशीला तेवढी सूट आहे. त्यामुळं बेळगावात हा बेत मटणावर करणं सरळ. मेंढीच्या खिम्याचा प्रकार तिकडंही रूढ आहे, तेव्हा चवीला उणं काही होत नाही.

बेत लो-कार्ब, म्हणजे कमी कर्बोदकांचा (कार्बचा) करायचा आहे. बटाटा का काढायचा, त्याचा हिशेब छोटा आहे. १०० ग्रॅम कच्च्या बटाट्यात साधारण १७ ग्रॅम कार्ब, तेवढ्याच फ्लॉवरमध्ये ५, आणि त्यातलेही २ तंतूंचे. चौघांच्या पायला ७०० ग्रॅम बटाटा लागतो, म्हणजे माणशी ३० ग्रॅम नुसत्या वरच्या थरातून. फ्लॉवरच्या थरातून माणशी ७ सुद्धा होत नाहीत.

पण बटाटा तिथं फक्त पोट भरायला नसतो. त्यातला स्टार्च शिजताना फुगतो आणि पाणी धरून ठेवतो. खिम्याचा रस वर आला तर तो पितो, चरबी सुटली तर तीही घेतो, तिखट जास्त झालं तर झाकतो. फ्लॉवरमध्ये यातलं काही होत नाही. शंभरातले ९२ भाग पाणी, आणि ते धरून ठेवायला स्टार्च जवळजवळ नाही. ‘फ्लॉवर घालून केलं आणि सगळं पचपचीत झालं’ ही तक्रार त्यातूनच येते. पाककृतीत बटाटा खोडून फ्लॉवर लिहिलं की काम होत नाही, पाण्याची वाट आधी लावावी लागते. उद्याचं निम्मं काम तेच आहे.

फ्लॉवर आजच आणलेला बरा. बेळगावच्या आसपासचा फ्लॉवर आणि कोबी गोव्याला जातो, ताज्या मालाची इथं ददात नाही. गड्डा आकारापेक्षा वजनानं जड हवा, तुरे घट्ट, दाबल्यावर न हलणारे. तुरे सुटून रवाळ दिसायला लागलेला गड्डा शिजल्यावर चुरा होतो आणि जास्त पाणी सोडतो. ताजा दिसावा म्हणून पाणी मारून ठेवलेला असेल तर घरी आल्यावर उलटा करून फडक्यावर ठेवायचा. पानं-दांड्यासकट ८०० ते ९०० ग्रॅमचा गड्डा घेतला की ५५० ग्रॅम तुरे निघतात.

रविवार, सकाळ

खाटकाकडं लवकर गेलेलं बरं, गर्दीत मनासारखा खिमा होत नाही. मांडी आणि खांदा निम्मे-निम्मे, ६०० ग्रॅम. नुसती मांडी घेतली तर खिमा कोरडा होतो. परदेशात गोमांसाच्या खिम्याच्या पाकिटावर ८०/२० असं लिहिलेलं असतं, म्हणजे शंभरात वीस भाग चरबी. आपल्याकडचं बोकड तेवढं चरबट नसतं, म्हणून ५० ते ६० ग्रॅम चरबी वेगळी मागून खिम्यातच घालायला सांगायची. मेंढीचं मटण असेल तर वेगळी चरबी नको, ती मुळात असते. फक्त मेंढीची चरबी लवकर थिजते आणि गार झाल्यावर टाळूला चिकटते, म्हणून ते पान गरमच वाढायचं.

मटण धुवायचं ते खिमा करायच्या आधी. धुऊन निथळलेल्या तुकड्यांचाच खिमा करून घ्यायचा. खिमा झाल्यावर धुतला की तो स्पंजासारखं पाणी पितो आणि ते पाणी नंतर कढईत येतं. आधी धुणं जमलंच नाही तर चाळणीत धुऊन मलमलच्या फडक्यात घट्ट पिळायचा. यंत्रातून एकदाच काढलेला जाडसर खिमा बरा. दोनदा काढला तर शिजून लापशी होते. म्हशीचं असेल तर मात्र दोनदाच काढायला हवं आणि शिजवायलाही जास्त वेळ द्यायला हवा, कारण जनावर वयाचं असतं आणि मांस चिवट.

रविवार, दुपार

आधी फ्लॉवर, कारण त्याला गार व्हायला वेळ हवा. तुरे मीठ-हळदीच्या कोमट पाण्यात दहा मिनिटं ठेवायचे, अळ्या असल्या तर वर येतात. मग मोदकपात्रात किंवा इडलीपात्रात वाफवायचे, १२ ते १४ मिनिटं. पाण्यात उकळायचे नाहीत. उकळलेला फ्लॉवर आत पाणी भरून घेतो आणि ते पिळून सगळं निघत नाही. सुरी दांड्यात सहज गेली की काढायचा. त्यापुढं शिजवत राहिलं की गंधकाचा तो वास सुटतो आणि लोण्यानंही तो झाकत नाही.

वाफवलेले तुरे रुंद कढईत मंद आचेवर पाचेक मिनिटं कोरडे परतायचे. सुरुवातीला वाफ भसाभसा निघते, मग कमी होते, आणि कढईच्या तळाला पांढरी बारीक खरपुडी धरायला लागते. तिथं थांबायचं. थोडं निवल्यावर फडक्यात बांधून पिळायचं. वाटीभर पाणी सहज निघतं. ५५० ग्रॅमचे ४२० ते ४३० ग्रॅम राहिले की बरोबर. स्वयंपाकघरात वजनकाटा असेल तर इथं तो लावावा, नजरेचा अंदाज फसतो.

आता मिक्सर किंवा पुरणयंत्र. बटाटा मिक्सरमध्ये घातला की स्टार्च मोकळा होऊन डिंकासारखा होतो. फ्लॉवरला ती भीती नाही, हवा तेवढा फिरवावा. त्यात ३० ग्रॅम लोणी, ४० ग्रॅम किसलेलं चीज, एका अंड्याचा पिवळा बलक, मिरपूड, जायफळाची चिमूट. बलक फ्लॉवर अगदी कोमट झाल्यावर घालायचा, नाहीतर शिजून गुठळ्या होतात. भाजताना थर धरून ठेवायचं काम त्याचं आहे, तो वगळला तर चमच्याबरोबर सगळं ओघळतं. दूध किंवा साय घालायचा मोह आवरावा. एवढं पाणी काढल्यावर पुन्हा ओतायचं कशाला?

खिमा. जाड लोखंडी कढई चांगली तापवून चमचाभर तेल, आणि निम्माच खिमा. सगळा एकदम टाकला की कढईची उष्णता पडते, खिमा स्वतःच्या पाण्यात उकळतो आणि राखाडी होतो. तांबूस व्हायला पृष्ठभाग १४० अंशांच्या आसपास जावा लागतो, आणि पाणी असेतोवर तो १०० च्या वर जात नाही. पसरायचा आणि तीन मिनिटं हात लावायचा नाही. कडेला तडतड ऐकू आली, म्हणजे पाणी संपून चरबीत भाजणं सुरू झालं. तेव्हा उलथायचा. मीठ अजून नाही, मिठानं पाणी सुटतं. हा निम्मा काढून दुसरा निम्मा तसाच.

त्याच कढईत सुटलेल्या चरबीवर एकच मध्यम कांदा, १०० ग्रॅम. नेहमीच्या खिम्याला तीन-चार कांदे पडतात आणि कांद्यात शंभराला ९ ग्रॅम कार्ब असतात, हे बहुतेक जण मोजतच नाहीत. आलं-लसूण घरचं वाटलेलं, दीड चमचा. दोन लहान टोमॅटो, तेल सुटेपर्यंत. मटार नको, गाजर नको. दोन्ही मूळ पाककृतीत असतात आणि दोन्ही गोड. मटारात तर शंभराला १४ ग्रॅम. त्याजागी श्रावणघेवडा बारीक चिरून १०० ग्रॅम, नाहीतर मूठभर मेथी.

तिखटाला ब्याडगी दोन भाग आणि संकेश्वरी एक भाग. ब्याडगीचा रंग, संकेश्वरीचा ठसका. फक्त नेहमीपेक्षा पाव भाग कमी, कारण वर झाकून घ्यायला बटाटा नाही. बाजारच्या खिमा मसाल्याच्या पाकिटाची मागची बाजू वाचावी, काहींत साखर किंवा कॉर्नफ्लोअर असतं.

दाटपणासाठी मूळ पाककृतीत दोन चमचे मैदा भुरभुरतात. आपल्याकडं त्याची गरजच नाही, सुकं खोबरं आहे. ३० ग्रॅम खोबरं आणि चमचाभर तीळ खमंग भाजून कोरडे वाटायचे, पाणी न घालता. तंतू वजा जाता त्यात कार्ब फारच थोडे, आणि खोबरं रस शोषून घेतं. मैद्याच्या चिकट दाटपणापेक्षा हे मटणाला जास्त शोभतं, असं माझं पक्कं मत. विलायती सॉसच्या आंबटपणाऐवजी तीन आमसुलं. चिंच गोडसर असते, ती नको.

भाजलेला खिमा परत कढईत, आता मीठ, दीड वाटी गरम पाणी, झाकण ठेवून मंद आचेवर २५ ते ३० मिनिटं. गोमांसाचा कोवळा खिमा पंधरा मिनिटांत होतो, त्या वेळा बोकडाला लावल्या तर दाताखाली रबर येतं. म्हशीच्या खिम्याला ४५ मिनिटं धरावीत. मग झाकण काढून खोबऱ्याची पूड घालायची आणि आटवायचा. कढईच्या मधून उलथणं ओढलं की तळ दिसावा आणि दोन-तीन सेकंद तसाच दिसत राहावा. लगेच रस धावून आला तर अजून आटवायचा. वर तवंग जाड असेल तर चमच्यानं काढून ठेवावा, तो पुढं कोबी परतायला येतो.

२० सेंटीमीटर चौकोनी, ५ सेंटीमीटर खोल भांड्यात खिमा दाबून पसरायचा आणि अर्धा तास निवू द्यायचा. ही पायरी गाळली की गरम खिम्यावर फ्लॉवर वितळल्यासारखा आत बसतो. थर लावताना आधी कडा बंद करायच्या, मग मध्याकडं यायचं. कडेला फट राहिली तर रस तिथूनच उसळून वर येतो. काट्यानं वर रेघा ओढायच्या. रेघांचे उंचवटे आधी तांबूस होतात. तुपाचा हात फिरवून २०० अंशांवर आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये २५ मिनिटं, शेवटची पाच-सात मिनिटं वरचा रॉड. स्टार्च नसल्यामुळं बटाट्यासारखा सोनेरी पापुद्रा येणार नाही. ठिपक्या-ठिपक्यांनी तांबूस येतो, तेवढं पुरे. ते ठिपके गडद करायच्या नादात ठेवून दिलं तर फ्लॉवर पाणी सोडतो. बाहेर काढल्यावर दहा मिनिटं हात लावायचा नाही, मगच कापायचं.

ओव्हन नसेल तर जाड तव्यावर झाकून मंद आचेवर गरम करायचं आणि दुसरा लोखंडी तवा लालबुंद तापवून वर बोटभर अंतरावर दोन मिनिटं धरायचा. चीजवर रंग येतो. हात जपावा.

सगळं धरून माणशी १५ ग्रॅमच्या आसपास कार्ब, तंतू सोडले तर १० च्या जवळ.

इथं एक गोष्ट लिहून ठेवायला हवी, कारण आपल्या भागात ती फार ऐकू येते. जोंधळ्याची भाकरी म्हणजे लो-कार्ब नव्हे. ६० ग्रॅम पिठाच्या एका भाकरीत ४० ग्रॅमच्या वर कार्ब असतात, दोन लादी पावांएवढे. ती पावापेक्षा चांगली, तंतू जास्त, पोट जास्त वेळ भरलेलं राहतं, हे सगळं खरं. पण एवढा खटाटोप करून बटाटा काढायचा आणि शेजारी भाकरी ठेवायची, तर हिशेब जिथल्या तिथं. वडगाव-येळ्ळूरकडच्या बासमतीचा वास आला की हिशेब विसरायला होतो, ते वेगळं! सोबत काकडी, मुळा, दही पुरे. घरातल्या इतरांनी भाकरी खुशाल खावी.

दुसरी गोष्ट साखरेच्या रुग्णांसाठी. इन्शुलिन किंवा साखर उतरवणाऱ्या गोळ्या चालू असतील आणि जेवणातून एकदम एवढे कार्ब कमी झाले, तर नेहमीच्या डोसनं साखर फार खाली जाऊ शकते. रोजचं जेवण असं करायचं असेल तर आधी डॉक्टरांना विचारून डोस ठरवून घ्यावा.

बुधवार

उरलेल्याचं काय करायचं, हे रविवारीच ठरवावं लागतं, कारण सोमवारी घरात वशाट चालत नाही. फ्लॉवरचा थर लावलेला पाय फ्रीजरमध्ये ठेवू नये. गोठताना फ्लॉवरच्या पेशी फुटतात आणि वितळल्यावर सगळं पाणी खाली येतं. खिमाच जास्त करून, थर न लावता, गार करून डब्यात भरायचा. मंगळवारी रात्री तो फ्रीजरमधून खाली फ्रीजमध्ये आणून ठेवायचा, ओट्यावर नाही.

आज वर फ्लॉवर नाही, खाली कोबी. पाव गड्डा दोऱ्यासारखा चिरून, काढून ठेवलेल्या तवंगावर मोठ्या आचेवर तीन-चार मिनिटं. कुरकुरीत राहिला पाहिजे. त्यात मीठ घालायचं नाही, नाहीतर पाणी सुटून भाजी होते. खिमा वेगळ्या भांड्यात वाफ येईपर्यंत खदखदून गरम करायचा आणि वाढताना कोबीवर घालायचा. खिमा पुन्हा आटलेला असतो, त्यात रविवारचं मीठ आहेच. कोबीसाठी म्हणून वरून मीठ घालण्याआधी दोन्ही एकत्र घेऊन चाखावं.