सूर्य किती मिलिमीटरचा? पोदेर-कॉमिकची पावसाळी प्रगती

बुधाच्या पानाला शाई चढली, मंगळ रंगवून झाला, शुक्र अजून पेन्सिलीतच आहे आणि गुरू अर्ध्यावर. नवीन मंडळींसाठी एका ओळीत कथा: आमचा पोदेर, म्हणजे गोव्यातला पाववाला, सायकलला टोपली बांधून, भोंगा वाजवत बुधापासून नेपच्यूनपर्यंत घरोघर पाव पोचवतो. बस्स. खरा जीव आकाश काढण्यात अडकलाय.

अट एकच घातली आहे. ज्या ग्रहावरून सूर्य जेवढा दिसतो, तेवढाच काढायचा. कॉमिक्समध्ये हे फारसं कुणी मनावर घेत नाही. कुठल्याही ग्रहावर उतरा, वर तोच टपोरा पिवळा गोळा. सुपरमॅनचं तर सगळं गणित सूर्याच्या रंगावर. 1938 साली तो आला तेव्हा त्याच्या ताकदीचं कारण त्याच्या मूळ ग्रहावरच्या, क्रिप्टॉनवरच्या, लोकांचं प्रगत शरीर असं सांगितलं होतं. पिवळ्या सूर्याखाली शक्ती, तांबड्याखाली ठणठण गोपाळ, हे 1960च्या आसपास जोडलं गेलं. वातावरणाबाहेरून आपला सूर्य पांढराच दिसतो, पण पांढऱ्या कागदावर पांढरा गोळा छापणार कोण!

हिशेब असा. चौकट 12 सेंमी रुंद, तिच्यात 60 अंशांचं दृश्य. पृथ्वीवरून सूर्य साधारण अर्ध्या अंशाचा, म्हणजे चौकटीत जेमतेम 1 मिमी. पणजीच्या मिरामार किनाऱ्यावर मावळताना तो केवढा वाटतो, पण तो डोळ्यांचा भास. हात लांब करून करंगळी आडवी धरली की नखामागे लपतो. बुधावर सरासरी पावणेतीन मिमी, मंगळावर 0.7. गुरूपाशी 0.2, म्हणजे माझ्याकडच्या सगळ्यात बारीक पेनचा एक ठिपका.

सगळ्यात जास्त रमलो ते बुधावर. जुन्या विज्ञानकथांत बुधाची एक बाजू कायम उन्हात आणि दुसरी कायम काळोखात असायची, कारण तेव्हाचे खगोलशास्त्रज्ञही तसंच मानत. 1965 मध्ये पोर्तो रिकोतल्या अरेसिबो दुर्बिणीच्या रडारने दाखवलं की तो 59 दिवसांत स्वतःभोवती फिरतो. विज्ञानकथाकार लॅरी निव्हनची छापून आलेली पहिलीच कथा बुधाच्या काळोख्या बाजूवर बेतलेली, डिसेंबर 1964 च्या अंकातली. बिचाऱ्याची कथा काही महिन्यांत शिळी! माझ्या मते मात्र खरा बुध जुन्या बुधापेक्षा कॉमिकला जास्त सोयीचा आहे. तिथला एक दिवस आपल्या 176 दिवसांचा. शिवाय ग्रह सूर्याच्या सर्वांत जवळ आला की आकाशात सूर्य थबकतो, थोडा मागे सरकतो आणि मग पुन्हा पुढे निघतो. नेमका त्याच वेळी तो सगळ्यात मोठाही दिसतो, चौकटीत तीन मिमीच्या वर. म्हणून त्या पानावर सलग चौकटी घेतल्या: पोदेर पुढे पुढे जातो, डोक्यावरचा सूर्य उलटा. हवा नसल्यामुळे भोंग्याच्या आवाजाचा संवाद-फुगा रिकामा.

मंगळावर फुगा भरला, पण बारीक अक्षरांत. नासाच्या पर्सिव्हरन्स या फिरत्या गाडीवरच्या मायक्रोफोनांनी 2021 पासून तिथले आवाज टिपले. हवा विरळ आणि कार्बन डायऑक्साइडची, त्यामुळे आवाज क्षीण, आणि वरचे स्वर तर लवकरच विरतात. म्हणून ‘पों’मधला किणकिणाट काढून टाकला. आकाशाच्या रंगावर तर नासाही एकदा फसली होती: 1976 मध्ये मंगळावर उतरलेल्या व्हायकिंग 1 यानाचं पहिलं रंगीत चित्र निळ्या आकाशासह बाहेर आलं आणि मागाहून ते गुलाबीसर करावं लागलं. मी दिवसा गेरूचा पातळ हात दिलाय आणि मावळतीला सूर्याभोवती निळा, कारण तिथला सूर्यास्त खरंच निळा असतो. सध्याच्या दमट हवेत वॉश (पाणीदार रंगाचा पातळ थर) लवकर वाळत नाही, कडा पसरतात. मंगळाच्या धुळीला ते झकास शोभलं.

शुक्राबद्दल फार लिहीत नाही. ढगांमुळे जमिनीवरून सूर्यबिंब दिसतच नाही, तेव्हा मोजायचं काय? कथांमधली पावसाळी जंगलं आणि दलदली मरिनर 2 यानाने 1962 मध्ये संपवल्या. आता 460 अंशांची भट्टी आणि तिथे उतरलेल्या व्हेनेरा 13 यानाच्या फोटोंतला नारिंगी उजेड. पाव करपणार हे उघड आहे.

गुरूचं पान आयो या चंद्रावरून. इथे एकदाची मोठी वस्तू काढायला मिळाली: गुरू साडेएकोणीस अंशांचा, चौकटीत जवळजवळ 4 सेंमी. पण शेजारचा 0.2 मिमीचा ठिपका सूर्य आहे की शाईचा डाग, हे वाचकाला कळणार कसं? उपाय सावलीत सापडला. सूर्यबिंब जितकं लहान, तितकी सावलीची कड धारदार. त्यामुळे बुधावर पोदेराच्या सावलीला मऊ कड दिली आणि आयोवर ब्लेडने कापल्यासारखी. गुरूचे पट्टे रंगवायचं थांबवलंय. पाऊस ओसरून आकाश मोकळं झालं की दुर्बिणीतून एकदा नीट बघून घेईन.

अडलंय नेपच्यूनवर. तिथे सूर्य 0.035 मिमीचा, आणि तरी आपल्या पौर्णिमेच्या चंद्राच्या चारशे पटींहून प्रखर. पांढरं जेल पेन फारच जाड पडतं. काळ्या शाईवर सुईच्या टोकाने पांढरा गौश (अपारदर्शक जलरंग) टेकवून कुणी पाहिलाय का? आणि इंद्रजाल कॉमिक्सचे अंतराळवीर फ्लॅश गॉर्डनवाले मराठी अंक कुणाकडे कसरीतून वाचले असतील, तर आकाशवाल्या चौकटींचे फोटो पाठवा. सूर्य पट्टीने मोजून आकडे इथेच टाकतो.